चीक

वेंगुर्ल्याच्या कारखान्यात गोणी उसवली
तर तांबडी धूळ उडाली, आमच्या वाडीतल्यासारखीच.
वर शिक्का: कोरहोगो.

मालासोबत आलेला नांगा सिलुए
काजींचा ओलावा मोजतो,
जेवणाच्या सुट्टीत फोनवर आईशी बोलतो
सेनुफोत.
एकच शब्द वर, मध्ये, खाली,
अर्थ तीन. त्याने म्हणून दाखवला.
मला तिन्ही वेळा तोच ऐकू आला.

मोडक्या हिंदीत म्हणाला,
शाळेत ही भाषा तोंडातून निसटली
की गळ्यात हाड अडकवायचे,
दुसरं कुणी चुकेपर्यंत.

मी राखेत हात चोळत राहिले.
काजीचा चीक धुऊन जात नाही,
कातडीच सोलते.

तिन्हीसांजेला लेक दारात:
"आये, खंय होतंस?"
रोज दटावते, नीट बोल.
आज म्हटलं,
"हयच आसंय गो."