सोमवारचं धुणं

शनिवारी सामना, सोमवारी माझ्या दारात गोणपाट:
अकरा सदरे, अकरा विजारी, बावीस मोजे.
तेव्हा पाठीवर आकडे नव्हते.
कुठला सदरा कुणाचा
हे मला ठाऊक, आणि चिखलाला.
पुढच्या फळीतल्या पोरांचा चिखल पाठीवर,
पाडलेले, रुसलेले, दाद मागत लोळलेले.
जेबेझ हेलिवेलचा डाव्या कुशीवर,
काखेपासून गुडघ्यापर्यंत एकच पट्टा
गवंड्यानं थापीनं ओढल्यासारखा.
आडवं पडणं हाच त्याचा धंदा.
मांजरासारखा आडवा जायचा
आणि समोरच्याचा अख्खा दिवस वाया.

एकोणीसशे सात साली आला
तो लोकर विंचरायच्या गिरणीतून सरळ,
केसांत तेलकट धागे, खिशात अर्धा पाव.
ट्रेनर वॉडिंग्टन म्हणाला, पाय बघा याचे,
दाराची चौकट आहे नुसती.
हिवाळ्यात आठवड्याला तीन पौंड,
उन्हाळ्यात दोन,
आणि बूट स्वतःचे.

पावसात भिजला की तो चेंडू
ओल्या घोंगडीसारखा जड व्हायचा,
त्याची वादी कपाळावर उमटायची.
रविवारी चॅपलमध्ये जेबेझ मान खाली घालून बसे.
मागच्या बाकावरच्या बायका म्हणत, काय भक्ती!
मी म्हणे, मान दुखतेय त्याची,
शेकायला मीठ द्या कुणीतरी.

आठ हंगाम. दोनशे एकोणीस सामने.
गोल एक.
तोही आपल्याच जाळ्यात, घरचा आहेर,
गुड फ्रायडेला, सगळं ब्रॅकनरॉइड बघत असताना.
त्या सोमवारी गोणपाटात दहाच सदरे निघाले.
अकरावा बुधवारी आला,
त्यानं स्वतः धुतलेला,
कॉलरीत साबण तसाच.
मी पुन्हा धुतला.
बोलले नाही काही, तोही नाही.

अडवलेल्या गोलांची वही कुणी ठेवत नाही.
जे झालं नाही ते मोजायचं कसं?
वर्तमानपत्रात त्याचं नाव
फक्त संघाच्या यादीत, गोलकीपरच्या लगेच खाली,
तेही तीनदा चुकीच्या स्पेलिंगनं.

मग चार हंगाम सामने नव्हते.
मी इस्पितळाच्या चादरी धुतल्या.
तो चिखल वेगळा होता.
त्याबद्दल नको.

परतले अकरातले सात.
जेबेझच्या डाव्या हाताची दोन बोटं कमी.
म्हणाला, बरंय, गोलकीपर नाही मी.
कुणी हसलं नाही, मग एकटाच हसला.
गुडघा सकाळी मोजडीसारखा करकरायचा,
शेजारच्या भिंतीतून मला ऐकू यायचा.

आणि एका शनिवारी पाहुण्या संघातलं
एकोणीस वर्षांचं पोरगं, अजून मिसरूड न फुटलेलं,
त्याच्या डावीकडून गेलं.
मग उजवीकडून.
तिसऱ्यांदा थांबलं, वाट पाहिली, आणि मग गेलं.
मी मैदानावर नव्हते, मी कधीच नसे.
सोमवारी गोणपाट उघडलं
आणि पहिल्यांदा
हेलिवेलच्या सदऱ्याच्या पाठीवर चिखल.

निरोपाचा सामना ठेवला त्याच्यासाठी,
बुधवारची दुपार, वरून गारा.
जमले अकरा पौंड चार शिलिंग
आणि कुणाची तरी विसरलेली छत्री.
तीही त्यालाच दिली.

आता गिरणीच्या फाटकावर रात्रपाळीला असतो.
उशिरा येणाऱ्या पोरींना आडवा जात नाही,
अंग चोरून वाट देतो.
छत्री वापरतो. एक काडी मोडलीय.

तो सदरा मी क्लबला परत केलाच नाही.
आटला म्हणून सांगितलं.
सेक्रेटरीनं साडेतीन शिलिंग कापून घेतले,
माणूस हिशेबाचा पक्का.
सदरा खुंटीवर आहे, पाठीवरच्या डागासकट,
चिखल वाळून आता पापुद्रे सुटतायत.
धुवीन कधीतरी.
या आठवड्यात सोडा संपलाय.