रिकामं फोल्डर

मेस्तियात बर्फ खिडकीच्या निम्म्यापर्यंत आला
त्या आठवड्यात चिचिको नवेरियानी
लॅपटॉप पोत्यात गुंडाळून आमच्या चुलीपाशी आले.
भूगोलाचे निवृत्त मास्तर, वय एक्याऐंशी.
म्हणाले, माझे शब्द हरवतायत.

स्वान भाषेतले शब्द, चाळीस वर्षं वेचलेले,
आणि फायलींची नावं अशी:
शब्द-शेवटचे, शब्द-शेवटचे-दोन,
शब्द-आता-खरंच-शेवटचे.
कशात काय खोडलं, त्यांनाच ठाऊक नाही.

मी काळी खिडकी उघडली.
"यात चित्रं नाहीत?"
नाहीत. आपण लिहायचं, ती उत्तर देते.
"आणि नाही दिलं तर?"
तर सगळं ठीक आहे समजायचं.
"म्हणजे आमच्या नातेलासारखंच," म्हणाले.

एका बोटानं टंकलं: गिट इनिट.
मग, आपण कोण, ते तिला सांगून ठेवायचं.
त्यांनी स्वतःचं नाव लिहिलं, बापाचं, गावाचं,
कुठल्या बुरुजाखाली जन्मलो तेही.
मी नाव आणि ईमेल तेवढं ठेवलं. जरा रुसले.

गिट ॲड, मोकळी जागा, एक टिंब.
"एवढ्याशा टिंबात सगळं?"
सगळं.
गिट स्टेटस. हिरव्या ओळी उतरल्या:
बर्फ. गुरं. मधमाश्या. लग्नातली बोलणी. शिव्या
(शिव्या सर्वांत जास्त).

ते बोटानं मोजत खाली गेले, पुन्हा वर आले.
"एक आलं नाही."
कुठलं?
"नातेला."
फोल्डर होतं. उघडलं. आत काही नव्हतं.
रिकामं असलं की तिला दिसत नाही, मी म्हणाले,
नुसती जागा राखून चालत नाही,
आत एखादी तरी फाइल लागते.

बोलून गेले, आणि चुलीकडे बघत बसले.

बऱ्याच वेळानं त्यांनी नवी फाइल केली.
छपरावरून घसरणारा बर्फ
पडण्याआधी क्षणभर अडतो,
त्या अडण्याला ती एक शब्द वापरायची.
तो लिहिला. खोडला. एक स्वर बदलून लिहिला.
पुढे प्रश्नचिन्ह.

पुन्हा ॲड, पुन्हा टिंब. मग गिट कमिट.
काय बदललं ते लिहायचा पडदा उघडला.
त्यांनी लिहिलं:
"नक्की नाही. ती होती तेव्हा विचारलं नाही."
मग एस्केप, कोलन, डब्ल्यू, क्यू.
तीनदा चुकले. चौथ्यांदा बाहेर आले.

तेवढ्यात लाइट गेली.
बॅटरीवर पहिली नोंद दिसत होती,
तिच्या कडेला सात अक्षरांची खूण.
चिचिकोंनी ती पेनानं तळहातावर उतरवून घेतली,
दाराशी ठेवलेलं फावडं उचललं.
अंधार पडायच्या आत
छप्पर झाडायचं होतं.