कॅसेटी कोणत्या ठेवायच्या

मंगळवार बाजारातून तो डबा आणलास म्हणे, साडेतीनशेला.
लाल-पांढरा, एका रिमोटचं ए बटण आत गेलेलं.
जास्त दिलेस बे. असू दे.
बनवणाऱ्यांनी बनवणं कधीच सोडलं,
आणि चाटी गल्लीच्या तोंडाशी दुरुस्तीला बसणारा श्रीहरी अन्नलदास
आता मोबाइलच्या काचा बदलतो.
कोणत्या कॅसेटी घ्यायच्या विचारतोयस,
तर ऐक.

नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव गेमवाली घेऊ नकोस.
आम्ही घेतली होती गड्ड्यावर, जत्रेच्या शेवटच्या दिवशी,
पाळण्याचे पैसे वाचवून.
रात्रभर मोजले मी आणि नागेशने.
सातच निघाले.
बाकी सगळे तेच, नावं बदलून,
कुठे ढग जांभळे,
कुठे माणूस आधीच अर्ध्या वाटेत उभा.

रणगाड्यांची घे, पण खेळायला दोघं असाल तरच.
नागेश आपल्याच गरुडाभोवतीची भिंत फोडायचा
आणि वर म्हणायचा, माझी काय चूक,
गोळी सरळच जाते की बे.

बदकांची स्वस्तात मिळेल, पिस्तुलासकट.
पण तुझ्या भिंतीवरच्या पातळ टीव्हीवर नेम लागणार नाही.
त्या पिस्तुलाला जुन्या फुगीर काचेचाच उजेड कळायचा.
आता बदकं उडतात, उडतात, निघून जातात,
आणि गवतातून कुत्रा वर येऊन
तेवढा हसतो.

लावताना फुंकर मार, असं सगळे सांगतील.
आमच्याकडे फुंकर पुरायची नाही.
खाली चार माग, टॉवेलाची गुलाबी तूस
जिना चढून यायची आणि खाचेत बसायची.
मग पडद्यावर नुसत्या चौकटी, तुटलेल्या, एकावर एक.
वडील चादरीच्या डिझाइनची कार्डं पंच करायचे.
एकदा बराच वेळ बघत राहिले,
म्हणाले, बंद करू नको,
आणि ग्राफचा कागद घेऊन आले.
ती चादर विकली गेली नाही, ती गोष्ट वेगळी.

विटांची मी शेवटी सांगतोय,
घ्यायची मात्र पहिली.
आई दिवसाला हजार विड्या वळायची,
नजर दुसरीकडे, बोटं पानावर.
एका रविवारी आम्ही भांडलो म्हणून तिने रिमोट काढून घेतला
आणि परत दिलाच नाही.
वरून वीट येते, ती वळवायची, जागेवर सोडायची.
ह्यात काय आहे, तेलुगूत म्हणाली,
वळायचंच तर आहे.

कॅसेटीला आठवण नसते रे.
वीज गेली की आकडा गेला,
आणि वीज तर रोज जायची.
म्हणून ती आकडा लिहून ठेवायची विडीच्या वहीत,
छाटीच्या रकान्यात, कारण तोच रिकामा असायचा.
कारखान्यातल्या चेकरने एकदा वही उलटी सुलटी केली:
नरसूबाई, चौऱ्याहत्तर हजार विड्या छाट?
ती काही बोलली नाही.
घरी येऊन मात्र आम्हाला तीनदा सांगितलं,
तिसऱ्यांदा चेकरच्या आवाजात.

वही माझ्याकडे आहे.
शेवटचा आकडा एक लाख बारा हजार चारशे,
पानाला अजून तंबाखूचा वास.
मी कितीदा बसलो. नव्वदच्या वर नाही गेलो.
तुझा झाला तर फोन कर,
नाही झाला तर खोटं सांगू नकोस,
मला आवाजावरून कळतं.

आणि त्या ए बटणाखाली
सायकलच्या ट्यूबचा तुकडा कापून घाल, शेंगदाण्याएवढा.
वीट त्यानेच वळते.