झुडपी जंगल

सातबाऱ्यावर आमची वस्ती म्हणजे
झुडपी जंगल.
झुडूप एकच, सयत्राबाईच्या दारची बोर,
तीही शेळीनं ओरबाडलेली.

तार आमच्या छपरांवरूनच गेली,
तलावापलीकडच्या राइस मिलला.
आकडा टाकला की लाइनमन यायचा,
वायर गुंडाळून न्यायचा.
अर्ज घेऊन गेलं की ऑफिसात विचारायचे :
जागा कोनाची?

औंदा मीटर लागलं. केस सुरूच आहे.
पहिल्या रात्री बाई बल्बाखाली
तांदूळ निवडत बसली.
इतके खडे, म्हणे, खाल्ले आपुन?

मग बिल आलं. तिचं नाव, छापील, आडनावासकट.
खाली बारीक अक्षरात :
हा जागेच्या मालकीचा पुरावा नाही.

नातवाकडून सगळं वाचून घेतलं तिनं.
नंतर वरची ओळ तेवढी
पुन्हा एकदा.