रुजवात

व्हिल्यांदीच्या नगरपालिकेत, दुसऱ्या मजल्यावर
नोव्हेंबरात साडेतीनलाच दिवे लागतात.
जुन्या डेटाबेसात शहराची झाडं नऊ हजार चारशे अठरा.
नव्यात नऊ हजार चारशे सतरा.
सोमवारी जुना बंद होणार, त्याआधी रुजवात घालायची.
"एका झाडाने काय बिघडतं, लेलो?"
टार्व्हो म्हणतो, कोटात एक हात घालून.
काय बिघडतं ते मला सांगता येत नाही.
मी बसून राहते.

अवजार फुकट मिळालेलं.
ज्या कंपनीने घडवलं तिने गेल्या वर्षी हात वर केले.
आता आसुनसिओनमधली कुणी सुनिल्डा
मुलं निजली की त्याची डागडुजी करते.
तिचा चेहरा मी पाहिलेला नाही.
लायसन्समध्ये लिहिलंय:
जसं आहे तसं, कसलीही हमी नाही.
माझ्या लग्नाच्या दाखल्यावर हे वाक्य हवं होतं.

ते ओळ न् ओळ वाचत बसत नाही.
गठ्ठे करतं. इकडचा एक, तिकडचा एक,
दोन्ही पिळून एकेक आकडा काढतं.
आकडे जुळले तर गठ्ठा न सोडताच पुढे जातं.
नाही जुळले तर त्याचे दोन,
दोनाचे चार,
दाताच्या डॉक्टरसारखं दाबत दाबत,
इथे?
की इथे?

पहिल्या फेरीत तीनशे चाळीस फरक.
पोटात गोळा आला. मग एकेक उघडून पाहिले.
रस्त्यांच्या नावात 'ओ'च्या डोक्यावरची लाट
नव्या टेबलात दोन ठिपके होऊन बसली होती.
कितीतरी भूर्जांच्या पुढे एक रिकामी जागा:
ती उर्वेची सवय.
शब्द संपला की स्पेसबारवर अंगठा टेकायची,
चहाचा घोट घ्यायची, मग पुढचं झाड.
निवृत्त होऊन तिला सहा वर्षं झाली.
आणि काही बुंध्यांचा घेर जुन्यात शून्य,
नव्यात काहीच नाही.
दोन्ही एक नव्हेत.
शून्य म्हणजे कुणी मोजलं.
काहीच नाही म्हणजे कुणी गेलंच नाही मोजायला.

मी नियम लिहीत गेले.
लाट आणि ठिपके एकच धर.
शब्दामागची मोकळी जागा सोडून दे.
उर्वे, माफ कर.
लाटेचा नियम सुनिल्डालाही पाठवला,
उपयोग झाला तर झाला.

सात वाजता एक ओळ उरली.
क्रमांक एकसष्टशे सात. मॅपल.
पोस्टी रस्ता, चौदा नंबरासमोर. लावलं एकाहत्तर साली.
नव्यात ही ओळच नाही.
आणताना सांडली, की कुणी जाणून पुसली,
अवजार बोलत नाही.
दोन घरांत डोकावणं एवढंच त्याचं काम,
रस्ता त्याला कुठून दिसणार.

घरी जाताना वाट वाकडी केली.
चौदा नंबरासमोर मॅपल नाही.
बुडखासुद्धा नाही, नवीकोरी फरसबंदी.
आणि फरशांच्या सांध्यांतून वर आलेली
गुडघ्याएवढी रोपं, पिवळी पानं अजून धरून.
मोबाईलच्या उजेडात मोजली: तीन.
पुन्हा मोजली. चौथं सायकलच्या चाकाआड.
वरच्या खिडकीतून एका बाईने विचारलं,
काही हरवलंय का?
नाही, म्हटलं, हिशेबापेक्षा जास्तच आहेत.
तिने खिडकी लावून घेतली.

सकाळी सुनिल्डाचं उत्तर आलेलं:
घेतला नियम. आमच्या ग्वारानीतही हीच लाट आहे,
दोन वर्षं मला वाटत होतं, माझीच चूक.

टार्व्हो यायच्या आत
एकसष्टशे सातची ओळ नव्या टेबलात घातली.
मॅपल. पोस्टी रस्ता.
रोपांसाठी रकाना नव्हता.
घेराच्या रकान्यात शून्य लिहिलं.
मी गेले होते मोजायला.