घोडीथांब

एर्मेते पालोम्बो गेला
हे मला सात महिन्यांनी कळलं,
शालिमारजवळच्या चष्म्याच्या दुकानात,
नंबर येईपर्यंत चाळलेल्या जुन्या मासिकात.
इटलीचा. एकशे अकरा चित्रपटांना संगीत दिलं म्हणे.
आम्हाला एकच ठाऊक.
तोही अर्धा.

अर्धा, कारण देवळाली कॅम्पातल्या टॉकीजमध्ये
मध्यंतरानंतर वीज गेली ती आलीच नाही,
आणि माझे वडील, रंगनाथ गांगुर्डे,
नवरत्न बँडमधले क्लारनेटवाले,
अंधारात सायकल मारत निघाले
बिटकोपर्यंत शीळ घालत.
पुढे थंडीनं ओठ फुटले, म्हणून मनात.
घरी आल्या आल्या द्राक्षपेट्यांच्या पावतीबुकात
सारेगम करून चाल उतरवली.
कोमल निषाद होता, तिथे शुद्ध लिहिला.
पुढचं ऐकलंच नव्हतं,
तर अंतरा स्वतःच बांधला,
पालोम्बोला न विचारता.

पडद्यावर त्या चालीवर घोडे उधळायचे.
नाशकात उलटं झालं.
हुसेनभाईंची पांढरी घोडी, चमेली,
ही चाल लागली की जागच्या जागी उभी.
कान मागे, एक खूर उचललेला.
का, ते हुसेनभाईंनाही सांगता आलं नाही.
मग मांडवाच्या दाराशीच वाजवायची असं ठरलं.
नवरदेव उतरायचा, करवली पाणी ओवाळायची,
आणि लोक सुपारी देतानाच बजावायचे,
ते घोडीथांब विसरू नका हं, मास्तर.

मासिकात त्याची सगळी कहाणी होती.
बाप गावच्या बँडात कर्णा फुंकायचा.
पहिल्या सहा चित्रपटांवर दुसऱ्याचंच नाव.
एका वर्षी नऊ चित्रपट, एका वर्षी एकही नाही.
मग साबणाच्या जाहिराती.
मग एक पुरस्कार, खुर्चीवरून न उठता घेतलेला.
कुणीतरी विचारलं, सगळ्यात आवडतं काम कुठलं?
म्हणाला, ज्याचे पैसे वेळेवर आले ते.

इथे मी दुकानात मोठ्यानं हसले.
वडील सिन्नरच्या एका पार्टीबद्दल
हेच म्हणायचे, फक्त शिवी घालून.

भाच्यानं मोबाईलवर तो चित्रपट शोधून दिला.
पहिल्यांदाच पुरा पाहिला, नव्या चष्म्यातून.
कोमल निषाद आला आणि मला वाटलं,
चुकला हा माणूस.
उरलेल्या अर्ध्यात चाल परत येईल म्हणून बसून राहिले.
येत नाही.
नुसता वारा, एक दार आपटतं,
आणि मग अक्षरं खालून वर.
त्यातलं एक नाव मी थांबवून पाहिलं.

परवा मेन रोडवर वरात अडली होती.
डीजे, निळे दिवे, घोडीच्या कानांत कापूस.
दुकानाच्या पायरीवर उभी राहून
मी हळूच शीळ घातली,
या वयात, शुद्ध निषाद लावून.
घोडी चालत राहिली.
जनरेटरची गाडी ढकलणारा एक म्हातारा मात्र थांबला,
मान वळवून दुकानांच्या पाट्या बघू लागला
एकेक करून,
आणि मागून कुणीतरी ओरडलं,
ओ बाबा, चला की पुढे.