लयहीन

प्रश्न चौथा, उपप्रश्न आ.
खालील विशेषणाचा अर्थ लिहा व वाक्यात उपयोग करा. गुण दोन.
शब्द माझाच. सहावीच्या पुस्तकात तो नाही.
पेपर काढत होतो त्या रात्री लाइट गेली
आणि पंखा थांबता थांबता
काहीतरी अर्धवट बोलून गप्प झाला,
तेवढ्यावरून सुचला.

सत्तावीस पेपर.
दहा-बाराजणांनी गाइडातलं उतरवलं: लय नसलेला, बेताल.
बरोबर. वाळल्या शेंगेसारखं बरोबर,
हलवलं की वाजतं.
सुजल नाकाडेनं नुसती आडवी रेघ मारून जागा सोडली.
ती पाहत मी जरा वेळ थांबलो.

मग वंशिका दिघोरे, हजेरी क्रमांक एकोणीस:
'लयहीन म्हणजे जे लय नाही ते. थोडकं.
वाक्य: आमची म्हैस आता लयहीन दूध देते.'

हसलो. खाटेवर एकटाच, मोठ्यानं.
लाल पेनचं टोपण दातात धरलं,
फुली मारायला हात नेला
आणि हात तिथंच.

चुलबंदच्या या काठाला लय म्हणजे पुष्कळ.
लय ऊन. मंडईले लय माणसं. लय उशीर केला गुर्जी.
दुसरी लय मी शिकवतो, पगार घेऊन,
फळ्यावर एक रेघ लघू, दुसरी गुरू.
तिसरीही आहे शब्दकोशात, विरून जाणं.
ती मी परीक्षेत विचारत नाही.

माझा बाप दंडारीत ढोलकी वाजवायचा.
एका उन्हाळ्यात त्याचं डावं अंग गेलं.
दिवाळीनंतर मंडई भरली तर म्हणाला, मले नेऊन बसवा.
बसवला. पोत्याला टेकून.
उजवा हात बोलायचा,
डाव्याची वाट पाहायचा,
पाहून पाहून एकटाच पुढं निघायचा.
नाचणारे पोट्टे त्या रिकाम्या जागेत
एक पाय उचलून उभे राहायचे, बगळ्यासारखे,
कोणी कोणाला सांगितलं नव्हतं.
मागं एक बाई दुसरीला म्हणाली,
'बुढा आता लय नाही वाजवत वो.'
मी तेव्हा डी.एड.ला होतो.
दोन वर्षं शिकूनही मला कळलं नाही
ती कोणती लय म्हणाली.

पेपर तसाच उशाखाली.

पहाटे मागच्या कोठ्यात बादली ठेवल्याचा आवाज.
दिघोऱ्यांचा कोठा माझ्या भाड्याच्या खोलीला लागून आहे,
मधे कुडाची एक भिंत,
चार वर्षांत मी तिकडं कान दिला नव्हता.
नव्या व्यालेल्या म्हशीची धार ओळखू येते,
चर्र-चर्र, चर्र-चर्र, गाढ झोपेतही.
ही तशी नव्हती.
चर्र.
मग काही नाही.
मग दोनदा लागोपाठ, घाईनं.
कासेला पाणी मारल्याचा आवाज, 'थांब ना माय' असं कोणीतरी,
आणि पत्र्यावर
एक थेंब.

आटत चाललेली म्हैस.
दूध थोडकं, आणि धार अशी.
पोरीनं एकाच वाक्यात दोन्ही दोहून ठेवलं होतं.
कदाचित माहीत नसेल तिला.
कदाचित रोज ती बादली तिच्याच गुडघ्यात असेल.

सोमवारी पेपर वाटले.
वंशिकानं दोनावर बोट ठेवलं, मग पेपर घडी करून दप्तरात.
सुजलनं तेवढ्यात डोकावून घेतलं होतं.
'सर, इले दोन काऊन? हे तं चुकली!'

अख्खा वर्ग माझ्याकडं.
बाहेर स्वयंपाकवाल्या ताई खिचडीचं पातेलं घासत होत्या,
मधेच थांबत, मधेच घासत.

'लय नाही चुकली,' मी म्हणालो,
आणि पुढचं नाव घेतलं.